फुकटची पंधरा वर्षं

नळदुर्गच्या फकीरचाचा मणेराला अक्कल कमी होती, असं म्हणायची कुणाची बिशाद नाही. उलट ती गरजेपेक्षा जरा जास्तच होती, आणि तिथंच सगळा घोळ झाला.

चाचाचा धंदा चुड्यांचा. ट्रंक उचलायची चाचानं आणि बायकांच्या हातात चुडी भरायची त्याच्या बायकोनं, चाँदबीनं. तामलवाडीचा बाजार असो, येरमाळ्याची येडाईची जत्रा असो, नाहीतर कुठलं लग्नघर असो, दोघं एस.टी.नं जायची आणि एस.टी.नंच परत यायची. चाँदबीच्या बोटांना असं काही वळण होतं की पंजा कितीही जाड असो, चुडी न तडकता मनगटात जाऊन बसायची. बाया म्हणायच्या, "चाँदभाभी, हाताला लोणी लावून येतीस का गं?"

मग सरकारनं पंच्याहत्तरीच्या पुढच्या माणसांना एस.टी. फुकट केली. चाचा तेव्हा साठी ओलांडून थोडा पुढं गेलेला, चाँदबी नुकती साठीला आलेली. साधा माणूस असता तर म्हणाला असता, बरं झालं, अल्लानं ठेवलं तर आपणबी फिरू कधीतरी. पण 'कधीतरी' हा शब्दच चाचाला पटत नाही. त्यानं आधारच्या एका कॅम्पात ओळख काढली, कुठूनसा एक दाखला आणून जोडला, आणि दोघांच्याही आधार कार्डावरची जन्मतारीख चांगली मागं सरकवून घेतली. मशीनवर बोटं ठेवताना चाँदबी म्हणाली होती, "का हो, ह्यात काय लफडं तर न्हाय ना?"

"लफडं कसलं? येडी का खुळी तू! कागदावर म्हातारी झालीस म्हणून काय गुडघे दुखणार हायेत? अख्खा महाराष्ट्र फुकट फिरवतो तुला."

ती हसली आणि तिनं बोटं टेकवली. एका दुपारीत बाई पंधरा वर्षांनी मोठी झाली.

अडचण एकच होती. चाँदबीला केसांना मेंदी लावायचा भारी नाद. त्या लाल केसांकडं एक कंडक्टर जरा जास्तच निरखून बघायला लागला, तसं चाचानं मेंदी बंद करायला लावली. "पांढरे राहू दे. वय दिसलं पायजे ना!" वर एक काठीही घेऊन दिली. चाँदबी काठी टेकत टेकत गाडीत चढायची, आणि गाडी गेली की काठी ट्रंकेला बांधून चाचाच्या पुढं झपाझपा चालायची. थोड्याच महिन्यांत सरकारनं सगळ्याच बायकांना अर्धं तिकीट केलं, तरी मेंदी काही परत आली नाही. चाचाचं म्हणणं, अर्धं ते अर्धं आणि फुकट ते फुकट. अति शहाणा त्याचा बैल रिकामा म्हणतात, ते उगाच नाही.

आता निखतचं सांगायला हवं. निखत ही त्यांची एकुलती लेक, उशिरानं झालेली. जावई अल्ताफ मस्कतला एका कंपनीत गाडी चालवतो, म्हणून तीही तिकडंच. लग्नाला आठ वर्षं झाली. दोनदा दिवस राहिले आणि दोन्ही वेळा गेले. दुसऱ्या खेपेला तिनं फोन केला आणि बोललीच नाही, नुसता तिचा श्वास ऐकू येत राहिला. चाँदबी फोन कानाला लावून तशीच बसून राहिली होती आणि गॅसवरचं दूध उतू जाऊन करपलं होतं.

यंदा तिसऱ्यांदा राहिलं. देवाच्या दयेनं सातवा लागला. पहिलं बाळंतपण माहेरी, ही आपल्याकडची रीत. पण तिकडच्या डॉक्टरनं सांगून टाकलं, विमानाचं नावच काढू नका, पलंगावरूनसुद्धा उठायचं नाही. अल्ताफ दिवसभर गाडीवर. घरात दुसरं बाईमाणूस नाही.

"अम्मी, तू ये," निखत म्हणाली. "तू जवळ असलीस ना, तर हे राहील. मला माहिताय."

लेकीनं असं म्हटल्यावर कुठली आई गप बसेल? चाँदबीनं त्याच दिवशी हिरव्या काचेच्या चुड्या निवडून डब्यात कापसात बसवल्या. सातव्यात माहेरची चुडी भरायची असते. हजारो लेकीबाळींचे हात भरले, आता आपल्या लेकीचे भरायचे, म्हणून ती घरभर नाचायची तेवढी राहिली होती.

चाचा तर निर्धास्तच. तो चौकातल्या मुजीबच्या झेरॉक्सच्या दुकानात गेला आणि ऐटीत म्हणाला, "हैदराबादहून मस्कतचं एक तिकीट काढ. चाँदबीचं. आधार आणलंय."

मुजीब हसला. "चाचा, आधारावर विमानानं दिल्लीला जा, कलकत्त्याला जा. मस्कतला पासपोर्टच लागतोय."

"भारत सरकारचं कार्ड हाय, न चालायला काय झालं?"

"भारताचं हाय म्हणूनच. तिकडं कोण ओळखतंय तुमच्या आधारला?"

मुजीबनं अर्ज भरला आणि सोलापूरची तारीख मिळवून दिली. मतदान कार्ड हातात घेऊन तो जरा थबकला. "चाचा, दोन्हीवरचं वय जुळंना झालंय."

"जुळतंय की. कोण बघत बसतंय!" चाचा म्हणाला.

सोलापूरला जायच्या आदल्या दिवशी चाँदबीनं वाटीत मेंदी भिजवली. चाचानं बघून न बघितल्यासारखं केलं. परदेशी जाणाऱ्या बाईला काय अडवायचं!

पासपोर्टच्या खिडकीत एक सौम्य बाई होती. तिनं आधार बघितलं, मतदान कार्ड बघितलं आणि मग समोरच्या लाल केसांच्या, ताठ पाठीच्या चाँदबीकडं बघितलं.

"मावशी, आधारवर एकोणीसशे सत्तेचाळीस आहे. मतदान कार्डाप्रमाणं एकोणीसशे बासष्ट येतंय. खरं कोणतं?"

चाँदबीनं चाचाकडं बघितलं. चाचानं छताच्या पंख्याकडं.

"मतदानाचं," चाँदबी म्हणाली.

"मग आधार दुरुस्त करून आणा. दोन्ही एक झाल्याशिवाय अर्ज पुढं जाणार नाही."

"बाई, माझी लेक तिकडं पलंगाला खिळलीय. दोनदा गेलंय तिचं. आता सातवा हाय. तुमीबी कुणाची तरी लेक हाव."

त्या बाईची मान खाली गेली. "माझ्या हातात असतं तर आत्ता पुढं पाठवलं असतं, मावशी. हे कॉम्प्युटरच पुढं घेत नाही."

तिचं तरी काय चुकलं? शिव्या द्यायच्या तर कुणाला, हेच चाचाला कळेना. त्यानं चाँदबीला धीर दिला, "घाबरू नको. म्याच बदललं, म्याच परत बदलून आणतो. घटकाभराचं काम." आणि दोघं तिथूनच आधारच्या केंद्रावर गेली.

तिथं पार्वतम्मा नावाची एक बाई मशीनवर होती. तिनं नंबर टाकला आणि मान हलवली. "ही जन्मतारीख आधी एकदा बदललेली आहे."

"व्हय, म्याच बदलली," चाचा मोठ्या मनानं म्हणाला. "आता होती तशी करून टाका. आपली चूक आपणच निस्तरायला पायजे."

"जन्मतारीख एकदाच बदलता येते, चाचा. तुमची ती एक वेळ होऊन गेली."

चाचाला वाटलं, आपल्या कानातच काहीतरी बिघाड आहे. "पण ती खोटी हाय! खोटी करता येती आणि खरी करता येत न्हाय, हे कुठलं शास्त्र?"

"अर्ज मुंबईच्या मोठ्या ऑफिसात जाईल. त्याला जन्माचा दाखला लागेल. आहे का?"

कुठला दाखला! चाँदबी जन्मली इटकळला, आजोळी, सुईणीच्या हातात. ती सुईणही गेली आणि तिच्या हातची निम्मी माणसंही गेली. पार्वतम्मानं शांतपणे सगळं सांगितलं. आता नव्यानं जन्माची नोंद करायची तर तहसील, साक्षीदार, चौकशी. हल्ली त्यात फार कडक झालंय. काही महिने धरून चाला. चाचा आधी गोड बोलला. मग आवाज चढवला. मग हात जोडले. शेवटी टेबलाखालून पायाला हात लावायला वाकला, तेव्हा ती बाई घाबरून उठूनच उभी राहिली. "असं नका करू हो चाचा. मी काय करू शकते?"

आयुष्यभर ज्या जिभेवर चाचानं धंदा केला, ती त्या दिवशी फुकट गेली. करायला गेलो काय आणि उलटे झाले पाय. बाहेर येऊन त्यानं मुजीबला फोन लावला. मुजीबनं एक वाट सांगितली. चाचानं ती चाँदबीला सांगितली, पण तिच्याकडं न बघता.

"मुजीब म्हणतोय, आधार बदलत नसंल तर मतदान कार्डावर सत्तेचाळीस करून घ्या. सगळे कागद एकसारखे झाले की कुणी विचारत न्हाय. पण त्यालाबी दोन-तीन महिने लागतील."

"तोवर निखत बाळंत व्हईल," चाँदबी म्हणाली. आणि पुढं, अजिबात आवाज न चढवता, "अजून किती म्हातारी करणार हाव मला?"

चाचाची गत म्हणजे तोंड दाबून बुक्क्यांचा मार. बुक्क्याही त्याच्याच हातच्या.

सोलापूरच्या स्टँडवर नळदुर्गकडं जाणारी गाडी लागली होती. दोघं आत जाऊन बसली तोच निखतचा फोन आला. चाँदबीला हल्ली लहान आवाज ऐकू येत नाही, म्हणून तिचा फोन आता स्पीकरवरच असतो.

"अम्मी, हात सुजलेत. मागच्या ईदला घरी आले तेव्हा तू भरलेल्या चुड्या रुतायला लागल्यात. तपासायला आलेली नर्स म्हणती, कापून टाकू."

"कापू देऊ नको!" चाँदबी सावरून बसली. "ऐक. हात उशीवर उंच ठेव, सूज उतरू दे. मग खोबरेल लाव, मनगटापासून पार बोटांपर्यंत. अंगठा तळव्यात दुमडायचा आणि चुडी एकेक करून, फिरवत फिरवत..." बोलता बोलता तिचे दोन्ही हात हवेत चालायला लागले, समोर निखतचा पंजा असल्यासारखे.

"एका हातानं कसं जमंल, अम्मी? तू आल्यावर काढ ना. पासपोर्टचं झालं ना आज? कधी येतीस?"

चाचानं फोन घ्यायला हात पुढं केला. 'होतंय बेटा, होतंय' हे त्याच्या ओठावर तयारच होतं. चाँदबीनं त्याचा हात बाजूला केला.

"न्हाय येत, निखत. मला पासपोर्ट मिळत न्हाय."

"का?"

का, हे चाँदबीनं सांगितलं नाही. नवऱ्याचं नाव तिनं लेकीपुढं घेतलं नाही. आणि मग फोनमधून काहीच येईना. नुसता श्वास. तोच, मागच्या वेळचा. चाचानं तो आपल्या कानानं ऐकला, आणि त्याला वाटलं, ह्यापेक्षा हिनं चारचौघांत आपल्या थोबाडीत मारली असती तर बरं झालं असतं. शेवटी निखत म्हणाली, "ठीकाय, अम्मी. मी नर्सला सांगते," आणि फोन बंद झाला.

गाडी निघाली. कंडक्टर तिकिटं काढत काढत त्यांच्यापाशी आला. चाचाचा हात सवयीनं खिशात गेला आणि दोन्ही कार्डं बाहेर आली. चाँदबीनं त्यातलं आपलं काढून घेतलं, पिशवीत टाकलं आणि नोटा पुढं केल्या.

"एक अर्धं द्या. नळदुर्ग."

कंडक्टर नेहमीच्या गाडीवरचा, ओळखीचा. "आजी, तुमचं फुकट असतंय की. कार्ड न्हाय आणलं?"

"आणलंय. ते खोटं हाय. मला त्रेसष्ट वर्सं झालीत."

पुढच्या बाकावरची दोन माणसं वळून बघायला लागली. कंडक्टरनं चाचाकडं बघितलं, मग मुकाट्यानं मशीनमधून अर्धं तिकीट काढून तिच्या हातात दिलं. तिनं ते मुठीत धरलं आणि खिडकीकडं तोंड फिरवलं. पदर मागं सरकला होता. मेंदीच्या लाल केसांत ती जितक्या वयाची होती तितक्याच वयाची दिसत होती. एवढ्या दिवसांत चाचानं तिला असं बघितलंच नव्हतं.

"आणि चाचा, तुमचं?"

चाचाच्या हातातलं कार्ड हातातच राहिलं. पुढं करवेना आणि मागंही घेववेना.

"चाचा, खरं वय किती तुमचं?" कंडक्टरनं परत विचारलं.

सगळी गाडी ऐकत होती. चाँदबीनं मान वळवली नाही. चाचानं तोंड उघडलं, पण आकडा काही बाहेर पडेना.