चुन्याची कुंडी

कातडं आकड्यात अडकलं, पण वर येईना. त्याने कुंडीच्या काठाला गुडघा टेकवून हिसका दिला, तसं चुन्याचं पाणी उडून त्याच्या फुटलेल्या बोटांत शिरलं. त्याने ओठ दाबले. ओरडलं की मुदत वाढते, हे उतरतानाच बजावलेलं होतं.

कातडी कमावायचा हा कारखाना त्याच्या वडिलांचा. पण गादीवर बसायचं तर आधी डोकं भादरून कुंडीवर उतरायचं, असा त्या घराण्याचा दंडक. नाव काढून घ्यायचं; कामगारांनी नुसतं ‘नवा’ म्हणायचं, घरच्यांनी ओळख द्यायची नाही. मालक स्वतः येऊन नावाने हाक मारतील तेव्हाच सुटका. वडील रोज येत, कुंडीत डोकावत, आणि भिंतीकडे पाहावं तसं त्याच्याकडे पाहून पुढे जात.

धाकट्या बहिणीला मात्र ते जमलं नाही. वडिलांची पाठ फिरली की ती खिडकीत तेलाची वाटी ठेवून जाई. एकदा हळूच म्हणाली,

"दादा, तू मालक झालास की पहिलं हे बंद कर."

"त्याच दिवशी," तो म्हणाला. त्या एका शब्दावर त्याने पुढचे दिवस ढकलले.

हाक आली तेव्हा ती आपल्यालाच आहे, हे त्याला चटकन उमगलंच नाही. वडिलांनी हाताला धरून वर नेलं, शेजारी बसवलं. त्यांच्या बोटांवर जुने पांढरे वण होते, त्याच्या बोटांवर लाल, ओले. तो बोलू लागला तसे जुनेजाणते कामगारही गप्प झाले. असं पूर्वी कधी झालं नव्हतं. त्याने पाठ जरा ताठ केली.

पुढे एकदा जेवताना बहिणीने सांगून टाकलं, तिलाही कारखान्यात वाटा हवा, आणि तो नुसता नावापुरता नको. वडिलांनी हातातला घास खाली ठेवला. आता शब्द थोरल्याचा, म्हणाले. बहीण हसतच त्याच्याकडे वळली.

त्याने तोंड उघडलं. शब्द तर कुंडीवर कितीदा घोटून ठेवलेले. तो आपल्या बोटांकडे बघत राहिला, एक वण अंगठ्याने चोळत राहिला.

"थंडी सरू दे, मग उतर," तो मायेने म्हणाला. "थंडीत चुना फार चावतो."

वडील पुन्हा जेवू लागले.