सुचणीचा गोळा आणि गंगाबाईंचा हात

मित्रांनो, मी एक जुना सुचणीचा गोळा आहे. माझे नाव ऐकले नसेल तर ओशाळू नका, हल्ली ते कोणी घेतही नाही. रंगाने मी काळपट, आकाराने लिंबाएवढा. पूर्वी खाडीच्या चिखलात सुचणी सापडायची. मला मुठीत धरून कोणी काही मनात आणले की तो विचार माझ्यात मुरतो. पुढच्याच्या हाताची ऊब लागली की तोच त्याला सुचतो. एवढीच माझी करामत. मला स्वतःला तोंड नाही.

उरणकडच्या एका कोळ्याच्या घरी मी पिढ्यान्‌पिढ्या राहिलो. नवी सून आली की सासू मला घटकाभर मुठीत धरून बसे आणि मग सुनेच्या हातावर ठेवी. कोणत्या मासळीला किती चिंच, नवऱ्याचा राग कशाने उतरतो, सगळे तिला आपसूक कळे. गंगाबाई अशाच सून म्हणून आल्या. त्यांनी मला जिवापाड जपले. काय थाट होता माझा तेव्हा!

मग घात झाला. गंगाबाईंचे यजमान धर्मराज होडीची डागडुजी करत होते. तळाची एक फळी कुजली होती. होडीच्या फटी राळेने बुजवतात, आणि मी दिसतो थेट राळेसारखा. त्यांनी मलाच भोकात ठोकून बसवले! "आता चालू दे, दिवाळीनंतर फली बदलू," असे ते गंगाबाईंना म्हणाले. दिवाळीआधीच ते गेले. मी हरवलो म्हणून गंगाबाई शेजारणीशी भांडल्यासुद्धा. होडी किनाऱ्यावर पडून राहिली आणि तिच्यात मी. फार एकटे वाटले हो.

पुढे त्यांचा मुलगा परेश न्हावा शेवा बंदरात नोकरीला लागला. त्याने नव्या पनवेलात, खांदा कॉलनीत घर घेतले. तिथे गंगाबाईंना अर्धांगवायू झाला आणि त्यांची वाचा गेली. लिहिणे तर त्यांना कधीच येत नव्हते. शेवटी परेशने होडी विकायचे ठरवले. घेणारा होता इंद्रजीत. होडी डोळेभर पाहून घेऊ दे, म्हणून परेश आणि त्याची बायको कोमल गंगाबाईंना किनाऱ्यावर घेऊन आले.

गंगाबाई होडीपाशी बसल्या आणि तळाच्या त्याच फळीवर, थेट माझ्यावर, थापा मारू लागल्या. मान हलवत होत्या, डोळ्यांतून पाणी वाहत होते.

"आईचा जीव अडकलाय होरीत," परेश म्हणाला.

"रडू नको मावशे, मी जपीन तिला," इंद्रजीतने समजावले.

सगळे हळहळले. पण म्हातारीला काय सांगायचे आहे, हे कोणी विचारेना. माझा जीव नुसता कासावीस झाला होता.

गंगाबाई थकून थांबल्या. त्यांना उठवायला कोमल वाकली, आणि तोल सावरताना तिचा तळहात नेमका माझ्यावर पडला. ती चमकली.

"अवो, होरी इकू नका, असं आई नाय सांगत! फली कुजलीय. बदलल्याबिगर देऊ नका, म्हनते!"

परेशने गाडीची चावी फळीत खुपसली. ती सहज आत गेली. इंद्रजीतने वाकून त्या भोकात बोट घातले.

"उद्या माजी दोनी पोरं जानार व्हती हिच्यात."

फळी बदलली, मगच होडी गेली. फळीतून मी निघालो, गंगाबाईंनी मला लगेच ओळखले आणि मी खांदा कॉलनीत आलो. आता गंगाबाई मला धरतात, मग कोमल धरते. पहिल्याच दिवशी कोमलला काय कळले असेल? तिच्या कालवणात मीठ कमी पडते! तिने तोंड वाकडे केले, पण मीठ घातले.

अलीकडे मी कडक होत चाललो आहे, सुचवणे जमत नाही. परवा कोमल मला घ्यायला विसरली. तिने नुसताच सासूचा हात धरला, चेहऱ्याकडे थोडा वेळ पाहत राहिली आणि उठून त्यांची खुर्ची खिडकीशी सरकवली. गंगाबाई हसल्या. माझ्यावाचून! मला जरा वाईट वाटले, मग फार बरे वाटले.

मित्रांनो, घरात कोणाला बोलता येत नसेल, तर त्यांच्या मनातले तुम्हीच ठरवून टाकू नका. हात धरा, थोडे थांबा. सुचणी आता खाडीत सापडत नाही. हात तर तुम्हाला आहेतच.