डीपीचं तेल

सकाळपासून रंगनाथचा पाय एका जागी ठरत नव्हता. शिवाराला वीज देणारा ट्रान्सफॉर्मर, ज्याला सारी वस्ती डीपी म्हणते, तो जळाला होता. मोटारी बंद होत्या आणि कांदा माना टाकत होता. वायरमन रशीदभाईंनी झाकण उघडून आत पाहिलं.

"तेल पार तळाला गेलंय. आतल्या कॉइली तेलात बुडाल्या तरच थंड ऱ्हात्यात, न्हाई तर तापून जळत्यात. कुणीतरी खालच्या तोटीतनं तेल काढलंय."

रंगनाथचं डोकं सणकलं. "चोर घावू द्या, तंगडंच मोडतो त्याचं!"

साऱ्या वस्तीला शिव्या घालत तो घरी आला, तर त्याची आई रतनबाई ओसरीवर गुडघे चोळत बसलेली. वाटीतल्या तेलाचा वास त्यानं लगेच ओळखला. तोच वास डीपीपाशी नाकात बसला होता.

"आई, हे कुठनं आणलंस?"

"डीपीचं हाय. गुडघ्याला लई उतार पडतो. साऱ्याच बाया वाटी-वाटी नेत्यात की."

रंगनाथची नजर वाटीवरून आईच्या पायांवर गेली.

"असा बघतोस काय? आता जळालीच हाय, तर तळाचं तरी घिऊन ये, दुसरं कुनी न्यायच्या आत."