हामिनेने नेलेला सिलिंडर

टंचाईच्या त्या दिवसांत बोरेल्लातल्या गॅसच्या रांगेत माणसांपेक्षा रिकामे सिलिंडर जास्त. सगळे साखळीने एकमेकांना बांधलेले. सिलिंडर ठेवून माणूस घरी जेवायला जायचा, आणि परत येऊन तो मागे सरकलेला दिसला की हातघाईवर यायचा. विजेअभावी माझं शिवणकाम बंदच होतं. मी शेजारच्या निल्मिनी अक्काबरोबर रांगेतच राहायला गेले होते म्हणा ना.

अक्का टीव्हीवरच्या मालिकेत हामिने व्हायची, म्हणजे सुनेला उपाशी ठेवणारी जमीनदारीण. त्या रागाने बाजारातल्या बायका तिला मासळी विकायलाही नाखूश. जनरेटरला डिझेल नाही म्हणून शूटिंग थांबलं आणि गोष्ट अर्धवट राहिली. रांगेत कुणी कुणाची गचांडी धरली की अक्का उठायची आणि हामिनेच्या आवाजात पुढचा भाग सांगायला लागायची. लोक भांडण विसरून तिलाच शिव्या घालायचे.

"एकदा तरी सुधारव ना त्या बयेला," मी वैतागून म्हटलं.

"ती सुधारली तर हे एकमेकांना फाडून खातील, कांती. सरक जरा, पाय मोडलेत माझे."

तिला गॅस हवाच होता. तिच्या आईला दमा. खोलीत लाकडं पेटवली की म्हातारीचा श्वास कोंडायचा. पावाच्या कोरड्या तुकड्यांवर किती दिवस काढणार?

शेवटी लॉरी आली. अक्काला भरलेला सिलिंडर मिळाला आणि तिच्या मागच्याच माणसापाशी माल संपला. लोकांनी दुकानदार विजेपालाची कॉलर धरली. "कुठे लपवलेत? बोल!" तो बिचारा हात जोडत होता. एकाने फळी उचलली.

मी अक्काला म्हटलं, "चल, निघू या."

ती निघाली नाही. सिलिंडरवर पाय ठेवून ती हामिनेच्या आवाजात बोलू लागली. "त्याला काय विचारता? ऐका आजचा भाग. काल रात्री हामिनेने विजेपालाला बोलावलं आणि सांगितलं, ही भुकेली माणसं मरेनात का, सगळे सिलिंडर माझ्या वाड्यावर पोचव."

हे नाटक आहे हे सगळ्यांना ठाऊक होतं. पण विजेपालापेक्षा हामिनेवरचा राग जुना होता. सगळे तिच्याकडे वळले. तेवढ्यात विजेपालाने आत शिरून शटर ओढलं. लोकांनी अक्काला ढकललं, तिच्या साडीला हिसडे बसले, आणि सिलिंडर कुणी नेला ते मला दिसलंही नाही. मला रडू आलं. आजवर तिने एवढं झिजून त्यांना शांत ठेवलं, ते यासाठी?

घरी म्हातारी उशीला टेकून वाट पाहत होती. "मिळाला का गॅस?"

"हामिनेने नेला, अम्मा."

म्हातारी खोकून खोकून थकली. मग म्हणाली, "मरत कशी नाही ती मेली?"

अक्काने तिच्या पाठीवरून हात फिरवला.

"मरून कसं चालेल? उद्या परत रांग आहे."