मगदूमकाकांना माझं एवढं कौतुक का?

मित्रांनो, मी मेले असते तर नेमिनाथ मगदुमांना एका मोटारीपुरती जागा मिळणार होती. त्यांचा फायदा एवढाच, पण त्यात माझा जीव जाणार होता.

मी शिवाजी पेठेतली एक जुनी निर्गुडी. मगदुमांच्या अंगणात, फाटकाशेजारी उभी आहे. फुलं बारीक जांभळी, पाला उग्र वासाचा. तो गरम करून मुरगळलेल्या पायावर बांधतात. इतक्या वर्षांत काकांनी माझ्याकडे ढुंकून पाहिलं नव्हतं. यंदा नवी मोटार आली. गल्लीत पोरांचा फुटबॉल, म्हणून मोटार अंगणात हवी, आणि अंगणात आडवी मी. पण काका जैन, हिरवं झाड तोडायचं नाही असा त्यांचा नेम. मी निर्धास्त होते.

मग एका सकाळी त्यांनी माझं कौतुक सुरू केलं आणि माझ्या मुळांत धस्स झालं.

असा पाला अख्ख्या पेठेत नाही, असं ते दिसेल त्याला सांगू लागले. फाटक सताड उघडं. गल्लीतला राजवीर लंगडत आला आणि भीत भीत चार पानं खुडू लागला, तर म्हणाले, "पानं काय खुडतोस लेका? बुडापासनं फांदीच ने की."

तेव्हाच मी ओळखलं. महिन्याभरात माझ्या नुसत्या काटक्या उरल्या. काका टेप घेऊन जागा मोजायला आले, तर मागे सुरेखाकाकू उभ्या.

"वाळलीच हाय ती," काका पुटपुटले. "मी कुठं हात लावला?"

"लावला न्हाई, लोकास्नी लावायला लावला. आपल्यात केलेलं न् करवलेलं, दोन्हीचं पाप एकच, विसरलासा व्हय? आता रोज पाणी तुम्हीच घालायचं."

काका निमूट पाणी घालू लागले. पहिला आठवडा मी तेही चाखून, संशयानेच प्याले. पण आम्हा निर्गुड्यांना बुडापासून तोडलं की दुप्पट धुमारे फुटतात, हे काकांनी कुणाला विचारलंच नव्हतं. मी पहिल्यापेक्षा ऐसपैस झाले. मोटार गल्लीतच राहिली.

आणि राजवीरची पहिलीच किक तिच्या आरशावर बसली.

"काका, तुमच्या पाल्यानं पायात जोर आला बघा," तो ओशाळून म्हणाला.

मित्रांनो, पाला जरूर न्या, पण शेंडे राखा. आणि कुणी एकाएकी आमचं कौतुक करू लागलं, तर त्याच्या हातात टेप आहे का, तेवढं बघा.

बाकी हिशेब सरळ आहे. पाला माझा गेला, पाय राजवीरचा सुधारला, पाणी अजून काका घालतात. भरपाई केली ती बिचाऱ्या आरशानं.