माह्या वावरात मरायचं नाई

लग्नाच्या शूटिंगचा धंदा ज्यानं शिकवला, त्यानं पहिल्याच दिवशी मला एक नियम सांगितला होता. नवरदेव हुकला तरी चालते, पाव्हना हुकला नाही पाहिजे. नवरदेवाला लग्नानंतर दुसरे त्रास असतात, तो कॅसेट पाहत नाही. पाव्हने पाहतात. आमच्या धामणगाव बढ्यात पेनड्राइव्ह येऊन जमाना झाला, तरी लोक कॅसेटच म्हणतात, अन् लावली की फक्त आपण कुठं दिसतो तेवढं पाहतात. दिसलो की उठून जातात.

चंद्रशेखरच्या लग्नात मी नारायणरावांना हुकवलं. ते नवरदेवाच्या सख्ख्या आत्याचे मालक, म्हणजे लग्नातलं सर्वांत नाजूक पद. पितळेचा हंडा घेऊन आहेराला स्टेजवर चढले अन् माझी बॅटरी गेली. मी तसाच कॅमेरा डोळ्याला लावून उभा राहिलो. सांगितलं असतं तर त्यांची पोज मोडली असती. दोन मिनिटं ते हंडा धरून हसले. तीन महिन्यांनी कॅसेट आली. आहेराच्या ढिगात हंडा दिसला, नारायणराव दिसले नाहीत.

तेव्हापासून तीन वर्षं ते माझ्या अब्बांना "राम राम, फारुखभाई" करायचे आणि मी दिसलो की रस्ता बदलायचे. आमच्याकडं रस्ता एकच आहे, त्यामुळं ते नाल्यातून जायचे.

मग गुलाबी बोंडअळीचं साल आलं. जे बियाणं अळीला मारणार होतं, त्याच्याच बोंडात अळ्या बिऱ्हाड करून राहिल्या. एकेका बोंडात तीन-तीन, भाडं नाही, लाईट बिल नाही. अन् अळीच्या मागोमाग मुंबईचे सिनेमावाले आले.

सिनेमा कपाशीवाल्या शेतकऱ्याचा होता. त्यात हिरोचं सगळं जातं आणि शेवटी तो औषध पितो. कॅमेऱ्याचे साहेब मोठे होते. दोन्ही हातांच्या बोटांची चौकट करून ते दुनिया पाहायचे, जेवणाचं ताटसुद्धा. जागा शोधायला त्यांनी मला धरलं. फिरता फिरता त्यांना एकच वावर पटलं. रस्त्याला लागून, कपाशीची पराटी उभी, धुऱ्यावर, म्हणजे बांधावर, एकटा पळस. वावर नारायणरावांचं.

"शाकिर," साहेब म्हणाले, "हे मिळवून दे आणि मरणाचा सीन नीट पार पाड. पुढच्या सिनेमाला मुंबईत दुसरा कॅमेरा तुझा. टायटलमध्ये नाव."

बारा वर्षं मी वरमाला घातलेले चेहरेच पाहत आलो होतो. मी नाल्यात उतरलो. नारायणराव तिथंच भेटणार हे माहीत होतं.

"काऊन आला बे?"

"वावर पाह्यजे होतं, काका. सिनेमासाठी."

"कोन दिसन त्याच्यात?"

"हिरो."

"वावर माहं, पराटी माही, अळी माही, अन् दिसन हिरो?" त्यांनी माझ्याकडं बोट रोखलं. "मी दिसलो पाह्यजे. बॅटरी फुल करून आनजो."

दुसऱ्या दिवशी ते इस्त्रीचा पांढरा शर्ट घालून धुऱ्यावर उभे. चंद्रशेखरच्या घरून तो हंडाही मागून आणलेला. चार दिवस हिरो पुढं रडत होता आणि मागं नारायणराव हंडा धरून कॅमेऱ्याकडं पाहून हसत होते. साहेबांनी विचारलं, हा माणूस कोण. मी म्हटलं, मालक. हातात काय आहे? म्हटलं, हंडा. डायरेक्टर म्हणाले, राहू द्या, दुष्काळाचं प्रतीक आहे. त्या साली दुष्काळ नव्हता, अळी होती. पण अळीचं प्रतीक धरून उभं राहायला कोणी तयार झालं नसतं.

पाचव्या दिवशी मरण होतं. हिरोची तारीख त्याच संध्याकाळपर्यंत.

"आज काय हाय?" नारायणरावांनी विचारलं.

"आज हिरो मरते, काका."

"कोठी?"

"अथीच. पराटीत."

त्यांनी हंडा खाली ठेवला. "नाई."

"खोटं खोटं मरते ना काका."

"खोटंच असन तं मुंबईले मर म्हना. माह्या वावरात मरायचं नाई. पुढच्या साली मले अथीच पेरायचं हाय. बाया येतीन का वेचाले?"

हिरो वऱ्हाडी बोली मोबाइलवर शिकला होता. तो पुढं होऊन म्हणाला, "समजून घे ना बे."

यानंतर त्या वावराचा विषय संपला.

शेजारचं वावर माणिकरावांचं. ते म्हणाले, "चार दिवस जित्तेपनी नारायणरावच्या इथं राह्यला, अन् मराले माह्या इथं? ज्याच्या इथं राह्यला त्याच्याच इथं मर म्हना." त्याच्या पुढच्या वावरात बनाबाई उरलासुरला कापूस वेचत होती. तिनं हिरोच्या हातात औषधाची बाटली पाहिली, ओटीतला कापूस टाकून धावली आणि बाटली हिसकून जमिनीवर ओतली.

"एवढा मोठा पोट्टा," ती म्हणाली, "अन् अक्कल काहीच नाई."

ते गुलाबाचं शरबत होतं. मुंग्या आल्या तेव्हा तिला पटलं. पटलं तरी बाटली तिनं परत दिली नाही. बाटली चांगली होती.

पाच वाजेपर्यंत सहा वावरं झाली. फाटक्या सदऱ्यातला हिरो पुढं, मागं वीस माणसं, एक जनरेटर अन् "ह्याले कोठी मरू देतात ते पाहू" म्हणून निघालेलं अर्धं गाव. साहेब बोटांच्या चौकटीतून आता माझ्याकडं पाहत होते. माझा दुसरा कॅमेरा मला दिसेनासा व्हायला लागला. शेवटी मी सगळ्यांना आमच्या अडीच एकरावर नेलं.

अब्बा सकाळपासून पराटी उपटत होते. मी सांगितलं. ते लगेच म्हणाले, "मरू दे."

मला गहिवरून आलं.

"पन पाव्हना उपाशी दिसते," अब्बा म्हणाले, अन् त्यांनी भाकरीचं फडकं सोडलं.

हिरो भूमिकेसाठी सात आठवडे उकडलेली भाजी खाऊन होता. ठेचा पाहिल्यावर तो कोणाला न विचारता खाली बसला. अब्बा त्याच्यासमोर बसले.

"फरदड ठेवली होती का?"

"म्हणजे?"

"दिवाळी झाल्यावरही पराटी उपटत नाई, उभीच ठेवते. अळीले तेच पाह्यजे."

हिरोनं डायरेक्टरकडं पाहिलं. डायरेक्टरनं मान हलवली. "ठेवली होती," हिरो म्हणाला.

"मंग चूक तुही हाय. बायको?"

"आहे."

"विहिरीले पानी?"

"आहे. पहिल्या सीनमध्ये मी पोहतो."

"पानी हाय तं हरभरा काऊन नाई पेरला?"

डायरेक्टर स्क्रिप्टची पानं उलटायला लागले. हरभरा त्यात कुठंच नव्हता.

"वीस मिनिटं उजेड आहे," साहेब माझ्या कानात म्हणाले. "वडलांना उठव."

"अब्बा, उठा ना आता."

"पाव्हना जेवून राह्यला बे."

यापुढं बोलायला जागा नसते. आमच्याकडं दुश्मनालाही ताटावरून उठवत नाहीत. मी थांबलो. हिरोची भाकर संपली. त्यानं हात झटकला आणि माझ्याकडं पाहिलं. मी फक्त "चला" म्हणायचं होतं. दहा मिनिटं उजेड होता, दुसरी बाटली होती, मुंबई होती.

मी फडक्यातली दुसरी भाकर काढून त्याच्या हातावर ठेवली. काऊन ठेवली ते विचारू नका. त्यानं नको म्हटलं नव्हतं.

साहेब कॅमेरा सोडून बांधावर जाऊन बसले. एव्हाना बाकीचेही बसले होते. समोर पंगत अन् कॅमेरा रिकामा, माझा हात आपोआप गेला. एका टोकापासून घेत गेलो. तोंड भरलेला हिरो, ठेचा पुढं करणारे अब्बा, बाटली धरून बनाबाई, उगीच बसलेले माणिकराव, स्क्रिप्टवर कांदा ठेवून खाणारे डायरेक्टर. शेवटाला हंडा घेऊन धापा टाकत आलेले नारायणराव. त्यांच्यावर पूर्ण दोन मिनिटं थांबलो. बॅटरी फुल होती. मग सूर्य गेला.

हिरो त्याच संध्याकाळी शेगावहून गाडीनं गेला, न मरता. साहेब जाताना म्हणाले, "तू लग्नंच कर."

पुढच्या साली सिनेमा आला. त्याचा शेवट तोच होता, हिरो जेवतो. डायरेक्टर सगळीकडं सांगत होते की पहिल्यापासून तसंच ठरलं होतं.

गावात शाळेच्या खोलीत खिडक्यांना सतरंज्या लावून दुपारी दाखवला. लोक आले, आपापले दिसले, उठून गेले. बनाबाई बाटली दिसल्यावर गेली. टायटलपर्यंत तिघंच उरलो, मी, अब्बा आणि नारायणराव. नावं खालून वर जात होती. हिरोचं, साहेबांचं, चहावाल्याचं, जनरेटरवाल्याचं. आभारात नारायणरावांचं, हरभऱ्याच्या सल्ल्यासाठी अब्बांचं. मग पडदा पांढरा झाला. नारायणराव पांढऱ्या पडद्याकडं पाहतच राहिले.

"तुहं कोठी हाय बे?"

"राह्यलं, काका."

"आपन तं पूर्ण पाह्यलं ना?"

"हाव. पूर्ण."

त्यांनी शेजारी ठेवलेला हंडा उचलला. "बॅटरी गेली असन त्यांची," म्हणाले.

बाहेर आलो तर ऊन होतं. मी सवयीनं त्यांना नाल्याकडची वाट मोकळी करून दिली. ते रस्त्यानंच निघाले, माझ्या बाजूनं. हंडा अजून चंद्रशेखरला परत केलेला नव्हता. वळणावर त्यांनी तो माझ्या हातात दिला.

"धर," म्हणाले. "जड हाय."