आधी उकळलेलं, मग गाळलेलं

“तापवलेलं निरशात ओतू नये गं,” सासूबाई म्हणाल्या होत्या, आणि वल्लरीने ते हसण्यावारी नेलं होतं.

मूळ नियम दुधाचा. तापवून गार केलेल्या दुधात न तापवलेलं, निरसं दूध मिसळलं की सगळंच नासतं. नारायण पेठेतल्या ज्या घरात कुसुमताईंनी संसार केला, तिथे हे कुणी कुणाला मुद्दाम शिकवत नसे. वारज्याला मुलाकडे राहायला आल्यावर त्यांनी तो नियम पाण्याला लावला, इतकंच. फेब्रुवारीतली दुपार होती. सकाळी खळखळ उकळून गार केलेलं पाणी वल्लरी पातेल्यातून फिल्टरच्या जगमध्ये ओतत होती आणि कुसुमताई ओट्याशी गवार मोडत होत्या.

“उकळलंस ना? मग आता हे कशाला?”

“टँकरच्या पाण्याला वास राहतो, आई. प्रज्ञेश तोंड फिरवतो. यातून गाळलं की वास जातो.”

“म्हणजे तापवलेलं निरशात ओतलंस.”

“दूध नाहीये ते.”

“नाहीच. दूध नासलं की कळतं तरी.”

अवधूतला तिने हे जेवताना सांगितलं. “सोवळ्याओवळ्याचं आईला हल्ली कुणी विचारत नाही, म्हणून तिने पाणी धरलंय,” तो म्हणाला, आणि दोघं हसली. एप्रिल संपता संपता त्यांचा अकरा महिन्यांचा प्रज्ञेश मुलांच्या वॉर्डात सलाइन लावून पडला होता. डोळे खोल गेले होते. रडायला तोंड उघडायचा, पण डोळ्यांतून टिपूस येत नव्हतं.

आता वल्लरी पाण्याच्या बाबतीत अडाणी होती असं कुणी म्हणू नये. पर्यावरणशास्त्रात तिने एम.एस्सी. केलं होतं आणि बाळंतपणापर्यंत ती मोठमोठ्या कंपन्यांचे पर्यावरण-अहवाल लिहीत होती. कुठली कंपनी किती पाणी उधळते हे तिला तोंडपाठ असायचं. त्यामुळे बाळ सहा महिन्यांचं होऊन वरचं पाणी सुरू करायची वेळ आली, तेव्हा घरात कुठला फिल्टर आणायचा हा प्रश्न तिने परीक्षेसारखा सोडवला. आरओ नको, कारण एक तांब्या प्यायचं पाणी द्यायला ते दोन-तीन तांबे मोरीत सोडतं, आणि इथे उन्हाळ्यात अख्खी सोसायटी टँकरच्या तोंडाकडे बघत बसते. ते निळे जार नकोत, जार कोण कुठल्या नळाखाली भरतो देव जाणे, आणि पुन्हा सगळं प्लॅस्टिक. कुसुमताईंनी माळ्यावरून आपला कँडलचा जुना स्टील फिल्टर काढून दाखवला. त्याचा नळ गळत होता.

शेवटी तिने जग निवडला. वर पाणी ओतायचं, मधल्या कार्ट्रिजमधून ते झिरपायचं आणि खाली साठायचं. वीज नाही, वाया जाणारं पाणी नाही. कार्ट्रिजमध्ये नारळाच्या करवंटीचा कोळसा, आणि वापरून झालेली कार्ट्रिज कंपनी परत नेणार. खोक्यावरच्या प्रमाणपत्रांचे आकडे तिने एकेक करून शोधून वाचले. हा फिल्टर क्लोरीन, वास, थोडंफार शिसं अडवतो आणि जंतू अडवत नाही, हे तिला खोकं उघडायच्या आधीपासून ठाऊक होतं. म्हणून तर ती पाणी उकळत होती. जंतूंचं काम गॅसचं, चवीचं काम जगचं, अशी तिने कामाची वाटणी केली होती, आणि चव ही शेवटची गोष्ट म्हणून जग शेवटी. शिवाय पातेलं ओट्यावर राहतं. जगला झाकण होतं, बांबूची मूठ होती, तो जेवणाच्या टेबलावर शोभायचा.

कंपनीने कार्ट्रिज परत नेली नाहीत. ‘आपल्या पिनकोडवर ही सेवा अद्याप उपलब्ध नाही’ असा निरोप दर वेळी यायचा. पहिली दोन वल्लरीने बाल्कनीत पिशवीत बांधून ठेवली. कचऱ्यात टाकवेना. तिसरं घातलं ते महिन्याभरात बदलायचं होतं. पण पाणी तर उकळलेलंच जातंय, त्यात गाळण्यासारखं आहे काय, चालेल अजून, असं म्हणून तिने ते चालवलं. पिशवीत तिसरी भर पडू नये एवढाच त्यातला हेतू. कंजूषपणा नव्हता. उन्हाळ्याच्या तोंडाशी प्रज्ञेश गटागटा पाणी प्यायला लागला, तेव्हा तिला वाटलं होतं, जमलं.

“पाणी कुठलं देता?” वॉर्डातल्या डॉक्टरांनी विचारलं होतं.

“उकळून.”

“उकळून, गार करून?”

“हो. गार करून, मग फिल्टर करून.”

डॉक्टरांनी लिहिता लिहिता मान वर केली. “उकळल्यानंतर फिल्टर?”

“चवीसाठी.”

“त्यातलं ते काडतूस कधी बदललं होतंत?”

“बदलायचं राहिलं होतं थोडं.”

“असं बघा,” डॉक्टर म्हणाले. आवाजात राग नव्हता, आणि तेच तिला जास्त लागलं. “त्याच्या आत कायम ओल. अंधार. वर आपला एप्रिल. उकळलेल्या पाण्यात क्लोरीन उरत नाही, म्हणजे आत काही वाढत असेल तर त्याला अडवणारं कुणी नाही. आधी गाळून मग उकळलं असतं तर प्रश्नच नव्हता. अर्थात यानेच झालं असं मी छातीठोकपणे सांगणार नाही. या वयात मुलं काय वाट्टेल ते तोंडात घालतात. पण पाणी तपासून घ्या.”

अवधूतने दोन बाटल्या प्रयोगशाळेत नेऊन दिल्या, एक पातेल्यातली आणि एक जगमधली. तिथल्या माणसाने फोनवरच सांगितलं, पातेल्यातलं पाणी बिनदिक्कत प्या, दुसरं झाडांना घाला. मग त्यानेच विचारलं, “दुसरं कुठलं आहे? विहिरीचं?”

अवधूतने फोन ठेवला. वॉर्डाबाहेरच्या बाकावर तिच्या शेजारी बसला.

“तूच रिसर्च केला होतास ना पण?”

“तू काय केलं होतंस?”

“मी काय म्हणतोय...”

“मी चार लिंक पाठवल्या होत्या तुला. तू अंगठा पाठवलास.”

“तुला त्यातलं कळतं म्हणून.”

“हो ना. मला कळतं. म्हणजे चुकलं की माझं, आणि बरोबर आलं असतं तर आपण किती छान जग घेतला.”

तो उठून चहा आणायला गेला आणि बराच वेळ आलाच नाही. तिला एक खात्री होती. आता यापुढे कुठलाही वाद झाला, शाळेचा असो की लशीचा की सुट्टीत कुठे जायचं याचा, तर हा बाक मध्ये येणार. तो बोलून दाखवणार नाही. नुसता अंगठा पाठवेल.

सासूबाई मात्र एका शब्दाने काही बोलल्या नाहीत. रोज डबा घेऊन यायच्या, नातवाच्या तळपायांवरून हात फिरवायच्या, सुनेला पोळीचा घास खायला लावायच्या. वल्लरीला वाटलं, बोलल्या असत्या तर बरं. मग एका संध्याकाळी त्यांना जिन्यात फोनवर आपल्या लेकीशी बोलताना तिने ऐकलं. “नाही गं, पाणी उकळलेलंच होतं. आमच्याकडचं पाणी पुढे शिकायला जातं ना. तिथे बिघडलं.”

वल्लरी भिंतीला टेकून उभी राहिली. त्यातलं काहीच खोटं नव्हतं. आणि त्याच कुसुमताईंना पुण्याच्या पाण्यासारखं पाणी त्रिभुवनात नाही असं वाटायचं, टँकरचं असलं तरी. वल्लरी बाहेर गेली की त्या नातवाला नळाचंच पाजायच्या असा तिला दाट संशय होता. नियम पाळायचा पण का पाळायचा ते ठाऊक नाही, असं त्यांचं, आणि का ते सगळं ठाऊक पण नियम उलटा, असं हिचं. दोघींत मिळून एक धड आई झाली असती, असं तिच्या मनात आलं.

प्रज्ञेश सावरला. पाच-सहा दिवसांनी रडताना त्याच्या गालावरून पाणी ओघळलं, तेव्हा वल्लरीने ते बोटाने पुसलं नाही, नुसती बघत राहिली. घरी आणल्यावर तिने कंपनीच्या ग्राहक-सेवेला फोन लावला. पलीकडची मुलगी फार नम्र होती.

“मॅडम, आमचं उत्पादन पालिकेच्या शुद्ध केलेल्या, थंड पाण्यासाठी आहे. खोक्याच्या तळाशी तशी सूचना आहे.”

“पाणी आधीच शुद्ध असेल तर मी तुमचा जग घेऊ कशाला?”

“चवीसाठी, मॅडम.”

“आणि उकळलेलं ओतू नका, असं कुठे आहे?”

“ते तसं स्पष्ट नाहीये, मॅडम. कारण सहसा कुणी तसं करत नाही.”

सहसा कुणी तसं करत नाही, हे वाक्य वल्लरीला पुढे किती तरी वेळ चावत राहिलं. कारण ते खरं नव्हतं, आणि खरं नाही हे तिला दुसऱ्याच सकाळी कळलं.

ती जगवरचा आपला अभिप्राय पुसायला बसली होती. जानेवारीत तिने तो त्या खरेदीच्या साइटवर मराठीत लिहिला होता, चांगला लांबलचक. मराठीत तिथे कुणी लिहीत नाही, म्हणून तो सगळ्यांच्या वर राहिला होता. सोबत टेबलावरच्या जगचा फोटो, मागे प्रज्ञेशचा अर्धा चेहरा. ‘आरओचं पाणी वाया घालवायचं नसेल आणि घरात बाळ असेल तर डोळे झाकून घ्या.’ शेकडो लोकांनी तो उपयुक्त ठरवला होता. तिने तेव्हा ते रोज उघडून बघितलं होतं, आकडा वाढला की बरं वाटायचं. नोकरी सुटल्यापासून तिला उपयुक्त म्हणणारं दुसरं कुणी नव्हतं.

खाली प्रश्न होते. रंग जातो का, फ्रीजच्या दारात मावतो का. तिने सगळ्यांना उत्तरं दिली होती. त्यात एक ऋतिका होती.

‘ताई, मी हडपसरला असते, गाडीतळाजवळ. मिस्टर शिफ्टला, दिवसभर मी एकटीच. बाळ दोन महिन्यांचं आहे, माझं दूध पुरत नाही म्हणून पावडरचं देते. आमच्याकडे पण टँकर. पाणी आधी उकळू का आधी गाळू? घरी विचारायला कोण नाही.’

वल्लरीचं उत्तर: ‘आधी उकळा, मग गाळा. आम्ही तसंच करतो. निश्चिंत राहा.’ पुढे हसरा चेहरा.

‘थँक्यू ताई. सुटले बघा. आजच मागवला.’

तिने ते पुन्हा वाचलं. फेब्रुवारीतलं होतं, म्हणजे सासूबाईंनी गवार मोडता मोडता सांगितलं त्याच्या आसपासचं. निश्चिंत राहा. दोन महिन्यांच्या बाळाला, ज्याचं अख्खं जेवणच पाणी. तिने घाईघाईने खाली लिहिलं, ‘ऋतिका, माझं चुकलं, आधी गाळ आणि मग उकळ, उकळलेलं पाणी जगमध्ये अजिबात ओतू नकोस, उकळलेल्या पातेल्यातूनच दे, हे वाचलंस की लगेच कळव.’ ती वाट बघत बसली. उत्तर आलं नाही. संध्याकाळपर्यंत तिचं लिहिलेलंही दिसेना. साइटचा निरोप आला होता, आपला मजकूर दुसऱ्या ग्राहकाला उद्देशून असल्याने प्रसिद्ध करता येत नाही. तिने फोन केला. ग्राहकांची माहिती देता येत नाही, गोपनीयतेचा प्रश्न आहे. तिने सांगितलं, बाळाचा प्रश्न आहे. त्यांनी तक्रार क्रमांक दिला.

“अगं, तिने कधीच बदललं असेल काडतूस,” अवधूत म्हणाला. “झालं असतं काही, तर आलीच असती तुला शिव्या द्यायला.”

“काही झालं असेल तर ती काय साइटवर बसली असेल?”

कुसुमताई आतून बाहेर आल्या आणि पहिल्यांदाच सुनेच्या शेजारी बसल्या. “गाडीतळ म्हणजे केवढा असेल?” त्यांनी विचारलं. रविवारी दोघी रिक्षाने हडपसरला गेल्या. वाण्याला विचारलं, दोन दवाखान्यांत विचारलं, एका पाळणाघरातही. ऋतिका नावाच्या दोन निघाल्या, एक कॉलेजात होती आणि दुसरीचा मुलगा दहावीला. परत येताना कुसुमताई म्हणाल्या, “तुला तरी मी होते,” आणि तोंड बाहेर वळवलं. वल्लरीला कळेना की हा टोमणा आहे की दिलासा, आणि तिने ते विचारलंही नाही.

तेव्हापासून ती जिथे जागा मिळेल तिथे हे लिहिते. सोसायटीच्या ग्रुपवर, आयांच्या ग्रुपवर, दुसऱ्यांच्या अभिप्रायांखाली. लोक हात जोडलेले पाठवतात आणि पुढे जातात. कुणी ‘पत्ता असेल तर सांगा’ म्हणतं. म्हणून आता इथेही. वाचणाऱ्याने फिल्टर कुठला घ्यावा हे ती सांगणार नाही, ते सांगून झालं आहे. तिचं मागणं एवढंच:

ऋतिका नाव आहे, आडनाव माहीत नाही. हडपसर, गाडीतळाजवळ. नवरा शिफ्टला जातो, ती दिवसभर घरात एकटी असते. बाळ आता पाचेक महिन्यांचं असेल, मुलगा की मुलगी ते मी विचारलं नव्हतं. तुमच्या इमारतीत, वरच्या मजल्यावर, कामावरच्या कुणाच्या घरात अशी कुणी असली तर फोन करू नका, दार वाजवा. पाण्याचं नंतर सांगा. आधी आत जा आणि बाळ कसं आहे ते बघा.